कॅमेऱ्याच्या आधीचं कार्टून : एमील रेनो आणि त्याचं आरशांचं चाक

एक साधा हिशेब करून पाहू. 'पोव्र पिएरो', म्हणजे 'बिचारा पिएरो', या फितीवर एकूण 500 चित्रं होती. चित्र हलतंय असं वाटायचं तर सेकंदाला निदान दहा-बारा चित्रं डोळ्यांसमोरून जावी लागतात. बाराच्या हिशेबाने 500 चित्रं 42 सेकंदांत संपतात. तरीही 1892 साली पॅरिसमध्ये तिकीट काढून आलेले लोक हीच गोष्ट दहा-पंधरा मिनिटं रंगून बघायचे. हे कसं जमत होतं ते कळायला एमील रेनो या फ्रेंच माणसाचं यंत्र उघडून आत डोकवावं लागतं.

कार्टूनचा इतिहास सांगताना गाडी बहुतेक वेळा 1908 पासून सुटते, एमील कोलच्या 'फांतास्मागोरी'पासून. थोडं मागे जाणारे अमेरिकेतल्या ब्लॅकटनच्या 1906 च्या खडू-फळ्यावरच्या प्रयोगाशी थांबतात. या दोघांकडे सिनेमाचा कॅमेरा होता. एकेक चित्र कॅमेऱ्यासमोर ठेवायचं, फोटो घ्यायचा, पुढचं ठेवायचं. रेनोकडे कॅमेरा नव्हता, म्हणून त्याला 'सिनेमापूर्व' नावाच्या प्रकरणात ढकलून देतात. मला हे अजिबात पटत नाही. एक गोष्ट, तिच्यातली पात्रं, हाताने काढलेली शेकडो चित्रं, मोठा पडदा, पैसे मोजून आलेले प्रेक्षक आणि सोबत खास रचलेलं संगीत. ॲनिमेशन म्हणायला आणखी काय लागतं? हे सगळं त्याच्याकडे सिनेमाचे जनक मानल्या जाणाऱ्या ल्युमिएर बंधूंच्या पहिल्या सार्वजनिक खेळाच्या तीन वर्षं आधी होतं.

रेनोचा जन्म 8 डिसेंबर 1844 चा, पॅरिसला लागून असलेल्या माँत्रईचा. वडील यंत्रकामातले आणि पदकं कोरणारे, आई जलरंगात चित्रं काढणारी. मुलाचं बरंचसं शिक्षण घरातच झालं. मग तो बारीक यंत्रकाम शिकला, एका नावाजलेल्या फोटोग्राफरकडे फोटोंवर हात फिरवायचं काम करू लागला आणि पुढे आबे म्वान्यो या विज्ञानप्रसारक धर्मगुरूच्या व्याख्यानांना मदत करू लागला. म्वान्यो आपली व्याख्यानं पडद्यावर चित्रं दाखवून रंगवायचा. रेनोने नंतर ल प्युई या गावात स्वतःही अशी सचित्र व्याख्यानं दिली. यंत्र, रंग आणि प्रकाश ही तिन्ही कामं एकाच माणसाच्या हातात आली, आणि पुढची सगळी कहाणी या तिन्हींतूनच घडली.

व्याख्यानातली चित्रं पडद्यावर पडायची ती जादूच्या कंदिलाने. काचेवर रंगवलेलं चित्र, त्याच्यामागे दिवा, पुढे भिंग. आपल्याकडे कल्याणला महादेव गोपाळ पटवर्धन आणि त्यांच्या घरातली मंडळी 1890 च्या दशकात याच तत्त्वावर 'शांबरिक खरोलिका' नावाचे खेळ करत होती. काचेवर हाताने रंगवलेली रामायण-महाभारतातली दृश्यं, जोडीला निवेदन आणि संगीत. पॅरिस आणि कल्याण यांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता, पण काळ तोच आणि ओढही तीच : रंगवलेलं चित्र मोठ्या पडद्यावर जिवंत करायची. रेनोला मात्र एक पाऊल पुढे जायचं होतं. त्याला पात्रं चालती-बोलती नाही तरी चालती-फिरती हवी होती.

इथे खरी अडचण सुरू होते.

चित्रं हलताना का दिसतात, याचं जुनं उत्तर असं की चित्राचा ठसा डोळ्यात क्षणभर रेंगाळतो आणि तो पुसला जायच्या आत पुढचं चित्र येतं. शाळेत आपल्यालाही हेच शिकवलं गेलं. पण नुसते ठसेच रेंगाळले असते तर चित्रांवर चित्रं चढून सगळा गिचमिड काला दिसला असता. खरं काम मेंदू करतो. हात इथे होता, लगेच नंतर थोडा वर दिसला, म्हणजे हात वर गेला, असा अर्थ तो आपण होऊन लावतो. 1912 साली मॅक्स वेर्थहायमर या मानसशास्त्रज्ञाने हे पद्धतशीर प्रयोगांनी दाखवलं : दोन ठिकाणच्या दोन रेषा योग्य अंतराने दाखवल्या की माणसाला एकच रेषा सरकताना दिसते, मधल्या जागेत प्रत्यक्षात काही नसलं तरी.

पण मेंदूने हे जोडकाम करावं यासाठी एक अट आहे. प्रत्येक चित्र क्षणभर तरी एका जागी स्थिर दिसलं पाहिजे. चित्रांची पट्टी डोळ्यांसमोरून नुसती ओढत नेली तर रंगांचा फराटा दिसतो, हालचाल नाही. म्हणजे चित्र बदललं तर पाहिजे, पण बदलताना सरकलेलं दिसता कामा नये. सिनेमाचं अख्खं यंत्रशास्त्र या एका वाक्याभोवती फिरतं.

रेनोच्या आधी यावर उपाय होता तो फटींचा. 'झोएट्रोप' नावाचं खेळणं तेव्हा घरोघरी होतं. उघड्या तोंडाचा गोल डबा, आतल्या भिंतीवर चित्रांची पट्टी आणि भिंतीत उभ्या अरुंद फटी. डबा फिरवायचा आणि फटीतून पलीकडच्या भिंतीवरचं चित्र बघायचं. फट डोळ्यासमोरून झर्रकन जाते, म्हणून चित्र निमिषभरच दिसतं आणि त्याला सरकायला वेळच मिळत नाही. युक्ती चांगली, पण महागात पडणारी : दोन फटींच्या मधला सगळा वेळ डोळ्यासमोर काळी भिंत. बहुतेक उजेड वाया जातो, चित्र अंधुक दिसतं, शिवाय चेपल्यासारखं बारीक होतं. हातात धरून बघायला हे चालतं. पडद्यावर मोठं करून दाखवायचं म्हटलं तर तेवढा उजेड उरतच नाही.

1877 साली रेनोने पेटंट घेतलं ते 'प्रॅक्सिनोस्कोप'चं. त्यात फटी नाहीत. त्यांच्या जागी डब्याच्या मधोमध आरशांचं एक कडं आहे. बारा चित्रं, बारा छोटे आरसे, प्रत्येक चित्रासमोर एक. आणि हे कडं कुठे बसवायचं यात सगळी गंमत आहे.

समजा डबा 20 सेंटिमीटर व्यासाचा आहे. म्हणजे भिंतीवरचं चित्र मधल्या आसापासून 10 सेंटिमीटरवर. रेनोने आरसा ठेवला बरोबर निम्म्यावर, आसापासून 5 सेंटिमीटरवर. चित्र आरशाच्या पुढे 5 सेंटिमीटर. सपाट आरशात प्रतिमा तेवढ्याच अंतरावर मागे दिसते, म्हणजे आरशाच्या मागे 5 सेंटिमीटर. तिथे काय आहे? डब्याचा आस. म्हणजे बघणाऱ्याला चित्र दिसतं ते थेट डब्याच्या मध्यावर उभं असलेलं. आणि चाक कितीही वेगाने फिरलं तरी त्याचा आस जागचा हलत नाही.

डबा फिरतोय, आरसे फिरताहेत, भिंतीवरचं चित्र वेगाने पळतंय, पण त्याची प्रतिमा मध्यावर शांत उभी आहे. एक आरसा नजरेसमोरून सरला की पुढचा येतो, त्याच्यातली प्रतिमाही त्याच जागी उभी राहते आणि आधीची तिच्यात विरघळून जाते. मधे अंधार नाही, झपझप नाही, उजेडही फारसा वाया जात नाही. शाळेतल्या भूमितीचा एवढा सुंदर उपयोग मी क्वचितच पाहिला आहे.

1878 च्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात या खेळण्याचं कौतुक झालं, ते चांगलं खपलं, आणि रेनोचा चरितार्थ त्यावर चालू लागला. दुसरा कोणी असता तर इथेच थांबला असता. पण बारा चित्रांत गोष्ट सांगता येत नाही. मुलगी दोरीवरच्या उड्या मारते, पुन्हा मारते, पुन्हा मारते, एवढंच. तेराव्या चित्राला डब्यात जागाच नाही.

मग त्याने पट्टी डब्यातून बाहेर काढली. 1 डिसेंबर 1888 ला त्याने 'तेआत्र ओप्तीक', म्हणजे प्रकाशाच्या रंगमंचाचं पेटंट घेतलं. चित्रं आता डब्याच्या भिंतीला चिकटलेली नव्हती. ती एका लांब, लवचिक फितीवर होती. फीत एका रिळावरून सुटायची, आरशांच्या चाकावरून जायची आणि दुसऱ्या रिळावर गुंडाळली जायची. घसरू नये म्हणून फितीला ठरावीक अंतरावर भोकं होती आणि चाकावरच्या खुंट्या त्या भोकांत अडकायच्या. भोकं पाडलेली फीत, दोन रिळं, मधे प्रकाश. पुढे शंभर वर्षं जगभरच्या थिएटरांच्या प्रोजेक्शन खोल्यांत हीच मांडणी दिसणार होती. त्या पेटंटमध्ये असंही लिहिलं होतं की फितीवरची चित्रं हाताने काढलेली असोत, छापलेली असोत किंवा प्रत्यक्षावरून घेतलेले फोटो असोत, तिन्ही चालतील. म्हणजे पुढे काय येणार आहे याची त्याला कल्पना नव्हती असं म्हणता येत नाही. त्याने हात निवडला.

फीत कशी होती ते जरा जवळून बघण्यासारखं आहे. जिलेटिनचे पारदर्शक चौकोनी तुकडे, प्रत्येकावर कुंचल्याने रंगवलेलं एकेक पात्र, वरून लाखेचा थर, आणि हे तुकडे पट्ट्यांत बसवून एकापुढे एक जोडलेले. 'पोव्र पिएरो'ची लांबी होती 36 मीटर, म्हणजे प्रत्येक चित्राच्या वाट्याला सुमारे 7 सेंटिमीटर. पात्राभोवतीची सगळी जागा काळी. कारण फितीवर फक्त पात्रं असायची. पार्श्वभूमी, म्हणजे अंगण, भिंत, घर, ही दुसऱ्याच कंदिलातून पडद्यावर पडायची आणि फितीवरची पात्रं तिच्यावर येऊन उभी राहायची. पार्श्वभूमी एकदाच रंगवायची आणि हलणारं तेवढं वेगळं काढायचं, ही पद्धत पुढे जगभरच्या कार्टून स्टुडिओंनी पारदर्शक पत्रे वापरून चालवली. रेनोकडे ती आधीच होती, फक्त दोन दिव्यांच्या रूपात.

28 ऑक्टोबर 1892 ला पॅरिसच्या बुलव्हार माँमार्त्रवरच्या म्युझे ग्रेवाँमध्ये पहिला जाहीर खेळ झाला. ग्रेवाँ म्हणजे मेणाच्या पुतळ्यांचं संग्रहालय, तेव्हाही गर्दीचं, आजही चालू आहे. कार्यक्रमात तीन फिती होत्या : 'पोव्र पिएरो', 700 चित्रांची 'अं बाँ बॉक' आणि एका विदूषकाची व त्याच्या कुत्र्यांची 300 चित्रांची फीत. संगीत गास्ताँ पोलँचं, पियानोवर.

पिएरोची गोष्ट साधी आहे. रात्रीची वेळ. आर्लकँ हा प्रियकर भिंतीवरून उडी मारून कोलोंबीन या तरुणीला भेटायला येतो. तेवढ्यात दाराशी पिएरो येतो, हातात फुलं, मनात तिच्याबद्दल प्रेम. आर्लकँ लपतो. पिएरो वाद्य वाजवून तिला गाणं ऐकवतो, नंतर मद्याची बाटली घेऊन येतो आणि पीत बसतो. लपलेला आर्लकँ त्याला काठीने डिवचतो, पिएरो दचकतो, इकडेतिकडे बघतो, कोणी नाही. शेवटी मार खाऊन पळतो. काठी पाठीवर बसते तेव्हा पडद्यामागून नेमका फटका ऐकू यायचा. फितीत त्या त्या जागी धातूची पट्टी बसवलेली होती. ती विजेचा संपर्क जोडायची आणि विद्युतचुंबकाने छोटा हातोडा आपटायचा. 1892 साली चित्राशी जुळवलेला आवाज, तोही आपोआप.

आता पुन्हा त्या हिशेबाकडे. 42 सेकंदांची चित्रं पंधरा मिनिटं कशी पुरली?

रेनो स्वतः पडद्याच्या मागे बसायचा. पडदा अर्धपारदर्शक, चित्र मागून पडायचं, म्हणून पुढच्या प्रेक्षकांना तो दिसायचा नाही. त्याचे दोन्ही हात दोन रिळांवर. पिएरो घाबरून मागे वळतो, तिथे तो फीत थांबवायचा. लोक हसले की थोडी मागे फिरवायचा, पिएरो पुन्हा वळायचा. फुलं घेऊन येणारा पिएरो घुटमळतो, कारण रेनोचा हात घुटमळतो. आर्लकँ झटकन लपतो, कारण तिथे हात झपकन फिरतो. गाणाऱ्याच्या मागे पेटीवाला बसतो, आणि गाणारा लांबला की तोही लांबतो, तशी रेनोची साथ असायची, फक्त समोर गायकाच्या जागी प्रेक्षक होते. कुठलाही खेळ आधीच्या खेळासारखा हुबेहूब होत नसणार.

आणि हे शक्य होतं ते आरशांमुळेच. नंतरच्या सिनेमाने 'चित्र सरकलेलं दिसता कामा नये' ही अडचण तिसऱ्याच रीतीने सोडवली : प्रत्येक चित्र दिव्यासमोर आणून खाडकन थांबवायचं, आणि पुढचं येईपर्यंत झडप टाकून उजेड बंद करायचा. या पद्धतीला ठरावीक वेग लागतो. वेग कमी केला की पडदा लुकलुकतो. एका चित्रावर जास्त वेळ थांबलं तर त्या काळची सेल्युलॉइडची फिल्म दिव्याच्या उष्णतेने पेट घेण्याची भीती. रेनोच्या यंत्रात झडप नव्हती, फीत अखंड सरकत होती, त्यामुळे वेग कितीही ठेवा, उलटा ठेवा, थांबवा, पडद्यावर चित्र तेवढंच निवांत.

1894 साली त्याने आणखी दोन फिती रंगवल्या. त्यातली 'ओतूर द्यून काबीन' मला सगळ्यात आवडते. समुद्रकिनारा, कपडे बदलायची लाकडी खोली, उडणारे समुद्रपक्षी, फळीवरून पाण्यात सूर मारणारा माणूस. खोलीच्या भोकातून आत डोकावणारा एक आगाऊ गृहस्थ, आणि त्याला मिळणारी चांगली लाथ. शेवटी एक होडी येते, तिच्या शिडावर लिहिलेलं असतं, खेळ संपला. 45 मीटर, 636 चित्रं. पाण्याच्या हालचालीत आणि पक्ष्यांच्या पंखांत दिसतं की हा माणूस वस्तूचं वजन बघून चित्र काढत होता. सूर मारणारा फळीवर आधी दबतो, मग उडतो. आज ॲनिमेशन शिकवणाऱ्या संस्थांत पहिल्या वर्षाला हेच गिरवून घेतात.

पण ग्रेवाँशी झालेल्या कराराने त्याला बांधून टाकलं होतं. महिन्याला 500 फ्रँक आणि तिकीटविक्रीचा दहावा हिस्सा. बदल्यात फितींची डागडुजी त्याच्याच खर्चाने. आणि हाताने रंगवलेली जिलेटिनची फीत रोज अनेकदा पुढे-मागे फिरवली तर ती झिजणार, फाटणार, हे ठरलेलं. 1900 पर्यंत 12,800 च्या वर खेळ झाले, पाच लाखांहून जास्त लोकांनी ते पाहिले. सरासरी काढली तर रोज पाचच्या आसपास. दिवसा पडद्यामागे हात चालवायचे, उरलेल्या वेळात फाटलेली चित्रं सांधायची आणि त्यातूनच नवी गोष्ट रंगवायची. एक फीत पुरी व्हायला महिनोन्‌महिने लागत. दुसरी प्रत काढायची सोयच नव्हती. प्रत म्हणजे पुन्हा 500 चित्रं रंगवणं.

28 डिसेंबर 1895 ला, ग्रेवाँपासून पायी जाण्याच्या अंतरावर, ग्राँ काफेच्या तळघरात ल्युमिएर बंधूंनी आपला खेळ लावला. त्यांच्या फिल्म जेमतेम पन्नास सेकंदांच्या, रंग नाही, गोष्ट फारशी नाही. पण कॅमेऱ्याचं हँडल पन्नास सेकंद फिरवलं की पन्नास सेकंदांची फिल्म तयार, आणि तिच्या हव्या तेवढ्या प्रती निघत. काही महिन्यांतच, 7 जुलै 1896 ला, ती मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवली गेली. रेनोचा खेळ मुंबईला येऊच शकत नव्हता, कारण फीत एकच आणि ती चालवणारे हातही एकाच माणसाचे. रेनो हरला तो वाईट चित्रांमुळे नाही. त्याच्या खेळात जे सुंदर होतं, म्हणजे हाताने रंगवणं आणि हाताने चालवणं, त्याचीच नक्कल होऊ शकत नव्हती. बाजार प्रतींचा होता.

त्याने हातपाय हलवले नाहीत असंही नाही. 1896 मध्ये फुटीत आणि शोकोला या लोकप्रिय विदूषक जोडीला कॅमेऱ्यासमोर उभं करून त्याने 'गियोम तेल' बनवलं. पण इथेही तो चित्रकारच राहिला : हजारो फोटोंतून मोजके निवडायचे, त्यांच्यावर हाताने रंग द्यायचा, मग ते आपल्या फितीत बसवायचे. सिनेमाचा वेग त्याला नको होता किंवा जमत नव्हता, काहीही म्हणा. 1900 च्या मार्चमध्ये ग्रेवाँमधले खेळ बंद झाले.

1910 च्या सुमाराला खचलेल्या रेनोने आपलं तेआत्र ओप्तीक हातोड्याने फोडलं. पुढे बहुतेक फिती सीन नदीत टाकल्या. 9 जानेवारी 1918 ला ईव्री इथल्या शुश्रूषागृहात तो गेला. त्या काळी चित्रपटांना जपून ठेवायचं असतं ही कल्पनाच कुणाला नव्हती. मुद्दाम नष्ट केलेलं, जळलेलं, रद्दीत गेलेलं मिळून सुरुवातीच्या काळातलं किती काम गेलं याचा विचार केला की जीव हळहळतो.

वाचल्या त्या 'पोव्र पिएरो' आणि 'ओतूर द्यून काबीन' या दोन फिती. 2015 साली फ्रान्स आणि चेक प्रजासत्ताक यांच्या प्रस्तावावरून युनेस्कोने रेनोच्या या कामाची जागतिक स्मृतिठेव्यात नोंद केली. त्याआधी, 2002 पासून, ॲनिमेशनवाल्यांची आंतरराष्ट्रीय संघटना 28 ऑक्टोबर हा जागतिक ॲनिमेशन दिन म्हणून साजरा करते, तो त्याच्या पहिल्या खेळाचा दिवस. नेटवर 'पोव्र पिएरो'ची चारेक मिनिटांची आवृत्ती सहज मिळते. ती आजच्या लोकांनी एका ठरावीक वेगात बसवलेली आहे हे लक्षात ठेवून बघावी. पिएरो दचकतो तिथे थांबवा, थोडं मागे न्या, पुन्हा सोडा, म्हणजे मूळ खेळाच्या जरा जवळ जाल.

घरात दहा-बारा वर्षांची मुलं असतील तर प्रॅक्सिनोस्कोप करून बघण्यासारखा आहे. फिरता पाट किंवा केक सजवायची फिरकी, जाड पुठ्ठ्याची गोल भिंत, आतून बारा चित्रांची पट्टी, मधे बारा बाजूंचं कडं आणि त्यावर आरशासारखा चकचकीत प्लॅस्टिकचा पत्रा. नियम एकच पाळायचा : आसापासून आरशाचं अंतर भिंतीच्या अंतराच्या निम्मं. ते चुकलं की चित्र जागेवर उभं न राहता झुलायला लागतं. आणि बारावं चित्र पहिल्याला जुळेल असं काढायचं, नाहीतर प्रत्येक फेरीला पात्र धक्का खातं.